बांगबाबांनी भरलेली ओटी

२ सप्टेंबर

माझं अपेंडिक्स जागेवर आहे.

हे आज दुपारी कळलं. बरेच दिवस पोट दुखत होतं म्हणून स्कॅन काढला, तर डॉक्टरीणबाई पडद्याकडे बघत सहज म्हणाल्या, "नळ्यांवर क्लिपा आहेत. मूल नको म्हणून ऑपरेशन केलंत, ते कधी?" मी म्हटलं, असलं काही मी केलेलं नाही. एकोणिसाव्या वर्षी अपंगांच्या संस्थेत असताना अपेंडिक्स काढलं, तेवढंच. त्यांना ते उमजेना. माझी जीभ, मान, हात सगळे जन्मापासून आपापल्या मर्जीचे मालक आहेत, त्यामुळे माझं बोलणं नव्या माणसाला कळत नाही. चुनजाताईनं माझं वाक्य जसंच्या तसं सांगितलं. बाईंनी पुन्हा पडद्यात डोकं घातलं आणि म्हणाल्या, "अपेंडिक्स तर आहे की."

चुनजाताई माझी सरकारी मदतनीस. मासळीवालीशी भांडल्याशिवाय ही बाई गुनसानचा एक रस्ता ओलांडत नाही. आज माझी खुर्ची ढकलत बंदरापर्यंत आली तरी तोंडातून शब्द नाही. मग थांबून म्हणाली, "कुणाला बडवायचं ते सांग."

"बांगला," मी म्हटलं.

बांग म्हणजे आमच्या संस्थेचा संचालक. तिथे त्याला सगळ्यांनी बाबा आणि त्याच्या बायकोला आई म्हणायचं असा नियम होता. घरच्यांनी मला फाटकाशी सोडलं तेव्हा मी दुधाचे दात पडायच्या वयाची होते, मलाही बाप मिळाला म्हणून आनंद झाला होता. त्याच बापानं मला फसवून कापलं.

तेशिकबरोबर राहायला लागल्यापासून चाळिशीपर्यंत दर महिन्याला मी वाट पाहिली. एकदा तर बाजारातून तळहाताएवढे पिवळे मोजेही आणले. ते अजून कपाटात आहेत. इतकी वर्षं मला वाटत होतं, माझं शरीर मोडकं आहे, त्याला हेही जमत नाही. माझ्या बिचाऱ्या शरीराला मी उगाच शिव्या दिल्या.

३ सप्टेंबर

तेशिकला सांगितलं. तो बसस्टॉपजवळच्या टपरीत किल्ल्या बनवतो. पोलिओनं पाय गेले, हात मात्र पैलवानाचे, आणि बोलणं स्वच्छ. मी सांगत असताना त्यानं मशीन बंद केलं. म्हणाला, "तुझंसुद्धा?"

एवढंच. म्हणजे बाकीच्या मुलींचं याला ठाऊक होतं! मी विचारलं, अजून कुणाकुणाचं माहीत आहे तुला? तर मान खाली घालून किल्ली घासायला लागला. ती किल्ली इतकी घासली की फुकट गेली.

मला मिठी नाही, बांगला शिवी नाही. संताप म्हणून नाही या माणसात.

५ सप्टेंबर

जुनं सगळं वर येतंय. वाळत घातलेल्या चादरींच्या मागे आम्हाला पकडलं तो दिवस. तेशिक खुर्चीतून वाकला होता, माझी मान हलत होती, त्यामुळे त्याचं चुंबन तीनदा कानावर आणि एकदाच जागेवर पडलं होतं. तेवढ्यासाठी बांगनं आम्हाला जेवणघरात सगळ्यांसमोर उभं केलं, म्हणजे बसवलं, आणि म्हणाला, "देवानं यांना पोरासारखं निष्पाप ठेवलंय. घाण यांच्या मनात येतेच कशी?"

नंतर हिवाळाभर तेशिक माझ्याकडे बघेना. आणि एक दिवस त्याला दुसऱ्या गावच्या संस्थेत पाठवून दिलं. निरोपही न घेता गेला. वसंतात मला 'अपेंडिक्स' झालं.

पुढे मी संस्था सोडून इथे आले आणि रात्रशाळेच्या वर्गात हा पुढच्या बाकाशी बसलेला दिसला. मी माफ केलं. पण पळून गेलेला माणूस तो पळून गेलेला माणूस, हे मी विसरलेले नाही.

१३ सप्टेंबर

चुसोकचा सण तोंडावर आलाय. आज दारात कोण उभं? बांगबाबा! हातात नासपतींची पेटी, मागे फोटोवाला.

म्हातारा झालाय, पण चेहरा तसाच, नुकता धुतल्यासारखा. आत आला तो सरळ माझ्या डोक्यावर हात. मी म्हटलं, "हात काढा." फोटोवाल्यानं विचारलं, काय म्हणाल्या? बांग हसून म्हणाला, "म्हणते, बाबा, जेवूनच जा."

हे त्याचं जुनं आहे. संस्थेत देणगीदार यायचे तेव्हा आम्ही काहीही बोललो तरी बाबा त्याचं 'आभारी आहोत' करून सांगायचे. इतक्या वर्षांत त्यानं माझं एक वाक्य ऐकलेलं नाही.

मग नासपती कापून घेतली, फोड माझ्या तोंडाशी आणली. "आ कर, बाळ." फोटोवाला गुडघ्यावर बसला. चुनजाताई ओट्याशी भांडी आपटत होती. माझं तोंड बंदच होतं, पण मान हलली, ओठ उघडले आणि फोड आत गेली. ती गोड होती याचा मला फार राग आला.

काम असं होतं: संस्थेच्या वर्धापनदिनाला सामुदायिक विवाह सोहळा आहे. लग्नाविना एकत्र राहणाऱ्या अपंग जोडप्यांची लग्नं संस्था लावून देणार. महापौरीणबाई येणार, वर्तमानपत्रवाले येणार. बांगला समाजसेवेचं पदक मिळायच्या गोष्टी चालल्यात. संस्थेतच जमलेलं जोडपं त्याला फोटोसाठी हवं होतं. ज्या प्रेमाला जेवणघरात घाण म्हणाला, त्याच प्रेमाला आता मांडव घालणार!

कागदावर लग्न लावलं तर आम्हा दोघांचा भत्ता कापतात, म्हणून आम्ही लावलेलं नाही. "कागदाचं काही नाही," बांग म्हणाला. "नुसता सोहळा."

मी 'नाही' म्हणायला तोंड उघडलं, तेवढ्यात तेशिक म्हणाला, "येतो आम्ही, बाबा."

आणि वर विचारतो काय, "पेबेक असेल ना?" पेबेक म्हणजे लग्नानंतर नवरानवरीनं सासू-सासऱ्यांना नमस्कार करायचा आणि त्यांनी ओटीत बोरं टाकायची, तो विधी.

बांग म्हणाला, दहा जोडपी आहेत, पेबेकला वेळ कुठून आणणार? शिवाय सासू-सासऱ्यांच्या जागी बसणार कोण, तुम्हा कुणालाच आईबाप नाहीत.

"तुम्ही बसा," तेशिक म्हणाला. "तुम्ही आणि आई. आमच्या ओटीत बोरं टाकायला दुसरं कोण आहे?"

बांगच्या डोळ्यांत पाणी आलं. खरंच आलं. फोटोवाल्यानं तेही टिपलं.

ते गेल्यावर मी तेशिकला लाचार म्हटलं. कुत्रा म्हटलं. तो म्हणाला, "मला पेबेक हवंय." झालं, विषय संपला.

१८ सप्टेंबर

चुनजाताईनं आज नेहमीसारखं विचारलं, "निजवू का दोघांना?" हे आमचं असं आहे. मला खुर्चीतून उचलायचं, कपडे उतरवायचे, गुडघ्याखाली उशी, तेशिकला माझ्या उजव्या अंगाला, कारण माझा डावा हात झटके मारतो. मग ती म्हणते, "चला, मी मोड आलेले सोयाबीन घेऊन येते," आणि जाते. येताना जिन्यातच मोठ्यानं गाणं म्हणते. आम्ही पहिल्यांदा तिला हे काम सांगितलं तेव्हा लाजून आमचंच पाणी पाणी झालं होतं. ती म्हणाली, "अगं, माझा नवरा धडधाकट होता, त्यालाही सगळं मलाच सांगावं लागायचं."

आमच्या अंथरुणात कायम कुणीतरी तिसरं असतं. चुनजाताई असते ती आम्ही बोलावलेली. पण बांगही होता, इतकी वर्षं, माझ्या पोटात, दोन क्लिपा होऊन. मी हौसेनं मूल मागत होते आणि तो आत बसून 'नाही' म्हणत होता.

मी म्हटलं, आज नको. तेशिकनं माझ्या पोटावरच्या व्रणावर तळवा ठेवला आणि भिंतीकडे तोंड फिरवलं. त्याची पाठ हलत होती. सर्दी झाली असेल.

२४ सप्टेंबर

मला सुचलं! अंघोळ घालून घेताना सुचलं.

पेबेकमध्येच बोलायचं. बांग नटूनथटून गादीवर बसेल, बोरं आणि चेस्टनट उचलेल, आमच्या कापडात फेकेल. जेवढी झेलली तेवढी मुलं होतात म्हणतात. बोर म्हणजे मुलगा, चेस्टनट म्हणजे मुलगी. ज्यानं माझ्या नळ्या आवळल्या तोच माझ्या ओटीत मुलं टाकणार, महापौरीणबाईंच्या देखत! इतकी चांगली संधी शत्रूनं स्वतःच्या हातानं आणून दिली. तेशिकच्या वेडेपणाचा असा उपयोग होईल असं वाटलं नव्हतं.

वाक्य छोटं हवं. लांब वाक्यात माझी जीभ दमते. खूप खोडून हे ठरलं: "बाबा, तुम्ही माझ्या नळ्या बांधल्यात. ही मुलं कुठे ठेवू?"

चुनजाताई बाजूला माइक घेऊन उभी राहील आणि जसंच्या तसं सांगेल. ती म्हणाली, "पुढे दोन शिव्या मी माझ्या पदरच्या घालू?" मी म्हटलं, नको. वाक्य मोडेल.

१ ऑक्टोबर

तेशिक टॉवेल घेऊन झेलायचा सराव करतोय. टॉवेलची दोन टोकं त्याच्या हातात, एक माझ्या चांगल्या मुठीत, एक खुर्चीला बांधलेलं. चुनजाताई बोरं फेकते. ती मुद्दाम माझ्या डोक्यावर मारते आणि हसते. तेशिकला फार गंमत वाटतेय. सूटही शिवायला टाकलाय. पंचेचाळिशी ओलांडली तरी नवरदेव व्हायची हौस!

माझा बेत त्याला सांगितला. मला वाटलं घाबरेल. तो म्हणाला, "वाक्य म्हणून दाखव." मी म्हटलं. "पुन्हा म्हण." पुन्हा म्हटलं. टॉवेलची घडी घालताना परत तेच, "एकदा अजून."

मी वैतागून म्हटलं, "तुला काय करायचंय? त्याच्यासमोर तुझी तर दातखीळ बसते."

"बसते खरी," तो म्हणाला.

१० ऑक्टोबर

रंगीत तालीम झाली. सगळा बेत पाण्यात.

मदतनिसांना मंचावर चढू देणार नाहीत. "फोटोत गर्दी होते," असं आयोजक म्हणाले. माइक एकच आणि तो बांगच्या हातात. मी काय बोलेन ते बांगच सांगणार. "माझ्या लेकरांचं बोलणं मला कळतं," असं म्हणाला तो. चुनजाताई मंचाच्या पायरीवर फतकल मारून बसली, तिला दोघांनी उठवलं.

रडून रडून उशी भिजली. माझ्याकडे जगातलं सगळ्यात धारदार वाक्य आहे आणि त्याचं 'आभारी आहोत' होणार. तरी म्हणणार. निदान त्याच्या तोंडावर म्हणणार.

१५ ऑक्टोबर

लग्न झालं. हे लिहायला हात वळत नाही, तरी लिहिते.

दहा जोडपी रांगेत. आम्ही सगळ्या नवऱ्या सणावाराच्या लाल हानबोक पोशाखात, गालावर लाल टिकल्या. महापौरीणबाईंचं भाषण झालं. मग पडदा, गादी, बुटकं टेबल, त्यावर बोरांच्या माळा आणि चेस्टनटचा ढीग. बांग आणि त्याची बायको मांडी घालून बसले. आम्हाला पुढे आणलं. नमस्कार तेशिकनं दोघांतर्फे केला.

बांगनं ओंजळ भरली. "पुष्कळ मुलंबाळं होऊ देत," म्हणाला आणि फेकली. माझा हात झटके देत होता, अर्धी बोरं उडाली, पण तेशिकनं टोकं घट्ट धरली होती. निवेदकानं वाकून मोजलं. "तीन मुली, दोन मुलगे!" सगळा हॉल हसला. टाळ्या. बायका म्हणाल्या, "गोड आहेत बाई दोघं."

मी बोलले. सगळा श्वास घेऊन, एकेक शब्द सुटा करून, ठरवलेलं वाक्य पूर्ण म्हटलं. इतकं नीट मी आयुष्यात बोलले नसेन.

बांगनं कान पुढे केला, मान डोलावली, माइक तोंडाशी धरला. "म्हणते, बाबा, पाचही मुलांना तुमच्या मांडीवर वाढवीन."

टाळ्यांचा कडकडाट. मला वाटलं, आता मरावं.

तेव्हा तेशिकनं हात लांब केला आणि माइक घेतला. ओढला नाही, एखाद्या पोराच्या हातून कात्री काढून घ्यावी तसा काढून घेतला. म्हणाला, "असं नाही म्हणाली ती. ती म्हणाली, बाबा, तुम्ही माझ्या नळ्या बांधल्यात. ही मुलं कुठे ठेवू?"

कुणी हसलं. मग कुणीच हसेना.

"आणि माझ्याही बांधल्यात," तेशिक म्हणाला. आवाज अगदी टपरीतल्यासारखा, गिऱ्हाइकाला किल्लीची हमी देतात तसा. "चादरींमागे आम्हाला धरलंत, त्या हिवाळ्यात. म्हणालात, तू मुकाट करून घे, मग तिला कुणी हात लावणार नाही आणि तुम्हाला एकत्र राहू देईन. मी करून घेतलं. मग मला दुसरीकडे धाडलंत आणि तिला कापलंत. मुलं द्यायला बसलात ना, बाबा? मग सांगा, कुठे ठेवायची."

निवेदकानं संगीत लावलं. त्या संगीताच्या वर रांगेतून एक आवाज आला. संस्थेतली सुनबुन, पन्नाशीची, मतिमंद म्हणून जिला सगळे बाजूला सारायचे, ती लाल हानबोकमध्ये उभी राहिली आणि पोटावर हात ठेवून म्हणाली, "माझंपण अपेंडिक्स काढलंय बाबांनी." तिचा नवरा म्हणाला, "बस खाली." ती बसली नाही.

महापौरीणबाईंनी पर्स उचलली. बांगचा तो धुतलेला चेहरा मी पाहिला. लग्नाच्या दिवशी नवरीला मिळावं ते सगळं मिळालं मला.

पण तेशिकचं मला माहीत नव्हतं.

१६ ऑक्टोबर

तेशिकशी बोलत नाही.

त्यानं मला दर महिन्याला वाट बघू दिली. पिवळे मोजे आणले तेव्हा हा शेजारी होता! चुनजाताई म्हणते, विचार तरी. विचारलं. तो म्हणाला, "मला वाटलं दोष फक्त माझ्यात आहे. त्यानं शब्द दिला होता ना, तुला हात लावणार नाही म्हणून. सांगितलं असतं तर मूल देऊ शकणाऱ्याकडे तू गेली असतीस."

"गेले असते," मी म्हटलं.

झेललेली बोरं-चेस्टनट नवराबायकोनं पहिल्या रात्री खायची असतात. ती तशीच बशीत पडून आहेत.

१७ ऑक्टोबर

गेले नसते. पण आजही सांगितलं नाही त्याला.

१९ ऑक्टोबर

संध्याकाळी बांग आला. पेटी नासपतींचीच, फोटोवाला नव्हता. चुनजाताईनं दार उघडून विचारलं, "कॅमेरा विसरलात?" त्यानं बूट काढले, आत येऊन आमच्यासमोर गुडघे टेकले. रडत होता. वर्तमानपत्रवाले दारात बसतात, पदकाचं थांबलंय, सुनबुनकडे वकील गेलाय, बायको जेवत नाही. "त्या काळी सगळीकडे असंच करायचे. तुमच्याच भल्यासाठी केलं. नवरदेव प्यायला होता एवढंच म्हणा. बापासाठी एवढं करा."

मी तीन शब्द बोलले. त्याला कळलं नाही. त्यानं सवयीनं मान डोलावली, मग दचकून तेशिककडे पाहिलं. मी तेशिकला खूण केली, सांगायचं नाही. चुनजाताईलाही. पुन्हा बोलले. बांग म्हणाला, "पाणी हवं?" पुन्हा बोलले. "थंडी वाजते?" घाम फुटला होता त्याला. तो माझ्या ओठांकडे बघत होता, तोंड अर्धं उघडं, शाळेत न येणारं गणित घातल्यासारखा. मी बोलतच राहिले. आयुष्यात पहिल्यांदा तो माझं ऐकत होता आणि मला घाई नव्हती.

शेवटी त्याला कळलं, मी काय म्हणत होते ते:

"आ करा, बाबा."

तेशिकनं बशीतला एक चेस्टनट चाकूनं सोलला आणि माझ्या मुठीत दिला. माझा हात आधी बांगच्या गालावर आदळला, मग नाकावर, मग दातांवर. तो हलला नाही. डोळे मिटून तोंड उघडं ठेवलं त्यानं. चेस्टनट आत गेला. कच्चा होता. खोलीत दुसरा आवाज नव्हता, नुसतं त्याचं चावणं. चेस्टनट म्हणजे मुलगी. त्यानं तिला नीट चावलं आणि गिळलं.

मग भीत भीत विचारलं, "झालं ना? माफ केलंस ना, बाळ?"

माझी मान हलली. ती आपली आपणच हलते. त्यानं त्याचा अर्थ घ्यायचा तो नेहमीसारखा घेतला, माझे हात कपाळाला लावले आणि डोळे पुसत, हलका होऊन गेला. जिन्यात चुनजाताईला वाकून नमस्कारही केला त्यानं.

राहिलेली चार आम्ही दोघांनी खाल्ली. तेशिकनं बिया काढून दिल्या. मी पिवळे मोजे कपाटातून काढून त्याच्या मांडीवर ठेवले. ते आता दोघांचे आहेत.

उद्या दहाला वर्तमानपत्राची बाई येणार आहे. सुनबुनलाही बोलावलंय. चुनजाताईला म्हटलं, लवकर ये, केस धुवायचेत.